एकतारा, गिटार आणि आपल्या घरातली गाणी



या सदरात आपण आजवर मुलांचा अभ्यास, वाचन, परीक्षेची भीती, मोबाईलचे वेड अशा गोष्टींवर बोलत आलो. या महिन्याचा विषय थोडा वेगळा आहे, पण तो पालकांकडूनच आला. पालक सभेत अभ्यासाचे बोलून झाले की आया हळूच दुसरा विषय काढतात. "सर, पोरगा कानात वायर घालून दिवसभर ते कोक स्टुडिओ ऐकतो. ते आहे तरी काय? ऐकू द्यायचं की बंद करायचं?" एका आजोबांचा प्रश्न आणखी वेगळा होता. "आमचा नातू खुसरोचा कलाम गुणगुणतो. मी खूश होऊन अर्थ विचारला, तर म्हणतो, माहीत नाही दादा, पण धून मस्त आहे."

या प्रश्नांना 'हो' किंवा 'नाही' असे एका शब्दात उत्तर देणे सोपे आहे, पण त्याने कोणाचे समाधान होणार नाही. त्यापेक्षा ही मालिका काय आहे, कोणी सुरू केली, त्यात कोण गायले, त्यात चांगले काय आणि खटकणारे काय, हे आधी नीट समजून घेऊ. मग आपापल्या घरात काय करायचे ते ज्याचे त्याने ठरवावे.

दोन मित्र, दोन वाटा

१९८७ साली पाकिस्तानात 'व्हायटल साइन्स' नावाच्या तरुणांच्या बँडचे 'दिल दिल पाकिस्तान' हे गाणे टीव्हीवर आले आणि ती मुले रातोरात घराघरात पोहोचली. त्या बँडमध्ये की-बोर्ड वाजवणारा तरुण होता रोहेल हयात आणि गाणारा होता जुनैद जमशेद.

जुनैद जमशेद हे नाव आपल्या वाचकांना वेगळ्या कारणाने माहीत आहे. कीर्तीच्या शिखरावर असताना त्यांनी गाणे सोडले, तबलिगी जमातीच्या कामाला लागले आणि नंतरची वर्षे हम्द व नात पढण्यात घालवली. त्यांच्या आवाजातल्या नाती रमजानमध्ये आपल्याकडेही कितीतरी घरांत लावल्या जातात. डिसेंबर २०१६ मध्ये विमान अपघातात त्यांचा इंतेकाल झाला.

रोहेल हयात यांची वाट निराळी. तेही पाश्चात्त्य ढंगाच्या संगीतात वाढलेले. पण पुढे त्यांचे मन आपल्याच मातीतल्या गाण्यांकडे वळले. दर्ग्यांवर गाणारे फकीर, कव्वाल, वाळवंटातले लोकगायक हे सगळे खजिने आपल्याच देशात पडून आहेत आणि शहरातल्या मुलांना त्यांचा पत्ता नाही, ही गोष्ट त्यांना अस्वस्थ करू लागली. त्या सुमारास, २००७ मध्ये, ब्राझीलमध्ये एका शीतपेय कंपनीने टीव्हीवर एक प्रयोग केला होता. दोन वेगळ्या प्रकारचे कलाकार एका मंचावर आणायचे आणि त्यांना एकत्र वाजवायला लावायचे. तीच कल्पना २००८ मध्ये पाकिस्तानात आली आणि तिची सूत्रे रोहेल हयात यांच्याकडे गेली. हाच कोक स्टुडिओ.

एकाच बँडमधून निघालेल्या या दोन माणसांपैकी एकाने वाद्य कायमचे खाली ठेवले आणि दुसऱ्याने त्याच वाद्यांच्या साथीने बुल्लेशाह आणि खुसरो नव्या पिढीपर्यंत नेले. संगीताबद्दल आपल्या समाजात जी चर्चा पिढ्यानपिढ्या चालू आहे, ती या दोन आयुष्यांत समोरासमोर दिसते. त्या चर्चेकडे मी पुढे येणारच आहे.

प्रयोग म्हणजे नेमके काय?

आपल्याकडे टीव्हीवर गाण्याचा कार्यक्रम म्हटला की डोळ्यांपुढे येते ती स्पर्धा. परीक्षक, गुण, रडारड, आणि शेवटी एसएमएस करा. कोक स्टुडिओत यातले काही नाही. पहिल्या हंगामात समोर प्रेक्षक बसवले होते. दुसऱ्या हंगामापासून, म्हणजे २००९ पासून, प्रेक्षकही काढून टाकले. उरला एक बंद हॉल, त्यात गोलाकार बसलेले वादक आणि मध्ये गायक. निवेदक नाही, निकाल नाही.

वादकांचा एक ठरलेला ताफा असे. त्यात गिटार, ड्रम आणि की-बोर्डवाले शहरी तरुण होते आणि त्यांच्या शेजारी ढोलक वाजवणारे बाबर अली खन्ना यांच्यासारखे परंपरेतले उस्तादही. येणारा पाहुणा मात्र दर वेळी वेगळा. कधी पॉप गायक, कधी कव्वाल, कधी ज्याने आयुष्यात स्टुडिओचे दार पाहिले नाही असा लोकगायक. कसरत खरी इथे होती. ड्रम वाजवणारा मात्रा मोजून वाजवतो. दर्ग्याच्या अंगणात गाणारा फकीर मोजत नाही. त्याला वाटले तर तो एका शब्दावर थांबेल, वाटले तर तीच ओळ पाच वेळा म्हणेल. आता कोणी कोणाच्या मागे जायचे? चांगल्या गाण्यांमध्ये दिसते की शहरी वादकांनी मान खाली घालून त्या फकिराचा श्वास ओळखायला शिकून घेतले आहे.

याचे सर्वांत सुंदर उदाहरण २००९ सालचे. ओकाडा जिल्ह्यातले साईं जहूर हे बुल्लेशाहचा कलाम दर्ग्यांवर गाणारे बुजुर्ग. हातात रंगीत गोंडे लावलेला एकतारा, पायात घुंगरू. त्यांना लिहिता-वाचता येत नाही, सारा कलाम तोंडपाठ. त्यांच्यासोबत गायला बसले 'नूरी' या लाहोरच्या रॉक बँडचे दोघे भाऊ, अली नूर आणि अली हमजा. शिकलेली, इंग्रजी बोलणारी ही मुले त्या निरक्षर बुजुर्गाकडे ज्या अदबीने पाहतात, ते पाहण्यासारखे आहे. मी मास्तर माणूस. वर्गात अदब शिकवता शिकवता घसा बसतो. इथे एकही उपदेश न करता ती समोर दिसते.

त्या वर्षीच्या पाच भागांना नावेही स्पर्धेची दिलेली नव्हती. व्यक्तित्व, सुसंवाद, समता, रूह आणि एकजूट, अशा अर्थाची ती नावे होती. गाणे एकाच चॅनेलच्या मालकीचे न ठेवता अनेक चॅनेलांवर दाखवले गेले, आणि गाण्याची तयारी कशी झाली, कलाकारांचे त्यावर म्हणणे काय, याच्या वेगळ्या फिती काढल्या गेल्या. वाचकांपैकी ज्यांना पूर्ण गाणे ऐकायचे नसेल, त्यांनी या फिती तरी पाहाव्यात. माणसे काम कसे करतात ते त्यांत कळते.

कोण कोण येऊन गेले

सगळ्यांची नावे सांगायला या मासिकाची पाने पुरणार नाहीत. मला महत्त्वाची वाटतात ती थोडी सांगतो.

२०१० मध्ये आरिफ लोहार आले. हातात लांबच लांब चिमटा. हे वाद्य आणि 'जुगनी' हा गाण्याचा प्रकार त्यांना त्यांचे वालिद आलम लोहार यांच्याकडून मिळालेला. त्यांच्याबरोबर मीशा शफी ही शहरातली नव्या ढंगाची गायिका होती. पंजाबच्या खेड्यातल्या जत्रेत चालणारी चीज त्या एका गाण्याने जगभर गेली. त्याच वर्षी आबिदा परवीन आल्या, ज्यांना वेगळी ओळख करून देण्याची गरज नाही.

फरीद अयाज आणि अबू मुहम्मद हे कव्वाल भाऊ २०११ आणि २०१२ मध्ये आले. आपल्या मराठवाड्यातल्या वाचकांनी हे नाव मुद्दाम लक्षात ठेवावे. हे घराणे दिल्लीच्या 'कव्वाल बच्चें'चे. आपली परंपरा अमीर खुसरोंपर्यंत जाते असे हे घराणे सांगते. त्यांचे वालिद मुन्शी रजीउद्दीन हैदराबाद दख्खनमध्ये गात, आणि फरीद अयाज यांचा जन्मही हैदराबादचाच. पुढे कुटुंब कराचीला गेले. ज्या निजामी राज्यात आपले औरंगाबाद, परभणी, नांदेड, बीड होते, त्याच राज्याच्या राजधानीतून निघालेला हा सूर. २०१२ मध्ये त्यांनी खुसरोंचा फारसी कलाम गायला. ज्यांना फारसीचा एक शब्द कळत नाही अशा लाखो तरुणांनी तो पुन्हा पुन्हा ऐकला.

२०१५ मध्ये माई धाई आल्या. सिंधच्या थरपारकर वाळवंटातल्या मांगणियार समाजाच्या. हा समाज सीमेच्या दोन्ही बाजूंना आहे. आपल्याकडे बाडमेर-जैसलमेरचे मांगणियार तेच. हे लोक मुसलमान, आणि त्यांचे पिढीजात यजमान बहुतेक हिंदू. यजमानाच्या घरी लग्न असो, बारसे असो, गाणे मांगणियारांचेच. सीमेवर तारेचे कुंपण आले, तरी दोन्हीकडची गाणी अजून एकमेकांना ओळखतात. माई धाईंच्या शेजारी उभा होता आतिफ अस्लम, ज्याच्यासाठी मुले वेडी आहेत. पण गाणे संपल्यावर लक्षात राहतात त्या माई.

२०१८ मध्ये अली हमजा यांनी, म्हणजे साईं जहूर यांच्यासोबत गायलेल्या त्याच भावाने, जोहेब काजी यांच्यासोबत सूत्रे हाती घेतली आणि स्टुडिओच गाडीत घातला. कलाकारांना शहरात बोलावण्याऐवजी हे लोक त्यांच्या गावी गेले. चित्रालच्या डोंगरात कलाश नावाचा अगदी छोटा समाज आहे. त्याचा धर्म वेगळा, भाषा वेगळी, आणि ती बोलणारे मोजके हजार. त्या समाजातल्या दोन मुलींनी आपल्या भाषेत गाणे गायले. एवढ्या लहान भाषेला इतका मोठा मंच मिळणे ही साधी गोष्ट नाही.

आणि २०२२. त्या वर्षीचे अली सेठी आणि शे गिल यांचे 'पसूरी' तुमच्या घरातल्या मुलाने ऐकले नसेल असे होणार नाही. मला मात्र त्याच हंगामातले 'कना यारी' हे बलोची गाणे जास्त महत्त्वाचे वाटते. त्यात तिघे आहेत. कराचीच्या ल्यारी या गरीब वस्तीतला तरुण कैफी खलील, त्याच वस्तीतली ईवा बी ही नकाब घालून रॅप म्हणणारी मुलगी, आणि बलोचिस्तानातले बुजुर्ग लोकगायक अब्दुल वहाब बुगटी. मुलीचा चेहरा एकदाही दिसत नाही, आणि त्यामुळे काही अडत नाही. आपल्या मुलींना सतत सांगितले जाते की पडदा केलास तर मागे पडशील. त्यांनी या मुलीचा आत्मविश्वास पाहावा. रॅप आवडो किंवा न आवडो.

टाळ्या आणि छप्पर

या झगमगाटाची दुसरी बाजूही मुलांना सांगायला हवी.

'कना यारी' जानेवारी २०२२ मध्ये आले आणि कोट्यवधी लोकांनी पाहिले. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये पाकिस्तानात महापूर आला. बलोचिस्तानात वहाब बुगटींचे घर त्या पुरात गेले. पडलेल्या भिंतींपाशी आपल्या लेकरांसह उभ्या असलेल्या त्या बुजुर्ग कलाकाराचा फोटो लोकांनी पाहिला तेव्हा मदतीला हात पुढे आले, ही समाधानाची गोष्ट. पण प्रश्न उरतोच. ज्याचा आवाज कोट्यवधी मोबाईलमध्ये वाजतो, त्याच्या डोक्यावर पक्के छप्पर का नसावे? गाणे जगभर पोहोचते, पण पैसा त्याच वाटेने परत गाणाऱ्याच्या घरी येतोच असे नाही. आपल्याकडचे शाहीर, कव्वाल, बँडवाले, सनई वाजवणारे यांची स्थिती काही वेगळी आहे का, याचा विचार करावा.

दुसरी घटना अमजद साबरींची. गुलाम फरीद साबरी यांचे हे सुपुत्र. त्यांनी २०१६ च्या हंगामासाठी राहत फतेह अली खान यांच्यासोबत खुसरोंचा 'रंग' गायला. गाणे चित्रित झाले, पण लोकांपर्यंत पोहोचायच्या आधीच, २२ जून २०१६ रोजी, ऐन रमजानमध्ये कराचीत भर रस्त्यात त्यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या. ज्या माणसाने आयुष्यभर अल्लाह आणि रसूल यांची स्तुती गायली, त्याला मारणाऱ्यांनीही दीनचेच नाव घेतले. पुढे गाणे प्रसिद्ध झाले तेव्हा ते ऐकताना लोकांचे डोळे भरून आले. मतभेद जिभेवरून हातात आला की काय होते, हे आपल्या मुलांना समजावून सांगायला यापेक्षा स्पष्ट उदाहरण मला माहीत नाही.

आक्षेप तीन आहेत

पहिला आक्षेप दीनचा. वाद्यांसह संगीत जायज की नाजायज, यावर आपल्या उलेमांमध्ये शतकानुशतके मतभेद आहे. मोठ्या संख्येने उलेमा वाद्ये नाजायज मानतात. दुसरीकडे चिश्ती सिलसिल्यात समाअची परंपरा आहे, आणि त्या बुजुर्गांनीही तिला अटी घातल्या होत्या. ऐकणारा कोण, ऐकवणारा कोण, कलाम कोणता आणि वेळ कोणती, हे पाहायला सांगितले होते. मी शाळामास्तर आहे, मुफ्ती नाही. ज्यांच्या घरात वाद्ये वर्ज्य आहेत, त्यांच्या तकव्याचा मला आदर आहे. त्यांनी जुनैद जमशेदांची वाट घ्यावी. तीही सुरांचीच वाट आहे, फक्त वाद्याविना. ज्यांच्या घरात कव्वाली ऐकली जाते, त्यांनी एवढेच पाहावे की अजान आणि नमाजची वेळ गाण्याखाली दबत नाही ना, आणि कलाम फक्त नाचायची धून तर झाला नाही ना. एका घराने दुसऱ्या घराला काफिर किंवा मागासलेले म्हणू नये. दोन्ही शब्द मी मुलांच्या तोंडी ऐकले आहेत आणि दोन्ही वेळा ते त्यांनी मोठ्यांकडूनच उचललेले होते.

दुसरा आक्षेप कंपनीचा. कार्यक्रमाच्या नावातच शीतपेय आहे. म्हणजे मूळ हेतू जाहिरातीचा आहे, यात लपवण्यासारखे काही नाही. ऑक्टोबर २०२३ पासून गाझात जे चालले आहे, त्यामुळे आपल्यापैकी अनेक घरांनी या पेयाची बाटली दस्तरखानावरून उठवली आहे. २०२४ मध्ये नवा हंगाम आला तेव्हा पाकिस्तानातही अनेकांनी त्यावर बहिष्काराची हाक दिली. "बाटली घेत नाही, मग गाणे कसे ऐकू?" असे नववीतल्या एका मुलीने मला विचारले. तिच्या प्रश्नाने मला बरे वाटले. मुले विचार करतात. मी तिला सांगितले, बुल्लेशाह आणि खुसरो कोणत्याही कंपनीचे नोकर नव्हते. कंपनी येण्याआधी त्यांचे कलाम शेकडो वर्षे गायले गेले आणि कंपनी गेल्यावरही गायले जातील. तुला तो मंच नको असेल तर आबिदा परवीन, साबरी बंधू, फरीद अयाज यांनी इतरत्र गायलेले कितीतरी उपलब्ध आहे, तिथे ऐक. आणि तो मंच पाहिलास तर आपण एक जाहिरात पाहतो आहोत हे भान ठेव. गाण्यावर प्रेम जडले म्हणून बाटलीवर प्रेम जडायलाच हवे असे नाही. कंपनीला मात्र नेमके तेच हवे असते.

तिसरा आक्षेप जुन्या गाण्यांशी केलेल्या खेळाचा. प्रयोग म्हटला की तो फसूही शकतो. २०१८ मध्ये 'को को कोरीना' हे १९६६ च्या 'अरमान' चित्रपटातले अहमद रुश्दी यांचे लाडके गाणे नव्याने केले गेले, आणि पाकिस्तानात ते इतके नापसंत झाले की एका केंद्रीय मंत्र्यांनीही जाहीर नाराजी व्यक्त केली. पुढची काही वर्षे तर आधी व्हिडिओ, मग गाणे असे झाले की काय, असे वाटण्याइतके सेट, कपडे आणि रंग वाढले. सुरुवातीच्या हंगामांतला तो साधा हॉल आणि एकमेकांकडे बघत वाजवणारी माणसे मला तरी जास्त आवडतात.

धून आहे, अर्थ कुठे आहे?

आता त्या आजोबांच्या तक्रारीकडे वळतो, कारण माझ्या दृष्टीने खरा प्रश्न तोच आहे. नातू खुसरो गुणगुणतो आणि त्याला अर्थ माहीत नाही.

आपली बरीच मुले मराठी किंवा इंग्रजी माध्यमात शिकतात. घरात दखनी, कोकणी किंवा मराठी बोलली जाते. कुराण शरीफ नाजिरा पढताना अरबी अक्षरे येतात, पण उर्दू वाचनाचा सराव सुटला आहे. मग गाण्याचे बोल ती रोमन लिपीत शोधतात आणि 'मुर्शिद' म्हणजे कोणीतरी प्रियकर असेल असे समजतात.

मी वर्गात एक साधा उपक्रम करतो. मुलांना माहीत असलेल्या गाण्यांतले शब्द फळ्यावर लिहितो. मुर्शिद, रमूज, निगाह, रंग, अलिफ. गाणे लावत नाही, फक्त शब्द. आठवीच्या वर्गात 'अलिफ'वर एक संपूर्ण तास गेला. हे पहिले अक्षर, हे सर्वांना ठाऊक. मग विचारले, अलिफ दिसतो कसा? एक उभी रेघ. ती रेघ कोणता आकडा? एक. अल्लाहच्या नावाचे पहिले अक्षर कोणते? अलिफ. पोथ्यांचे ढीग वाचूनही ज्याला ही एक रेघ कळली नाही त्याने काय मिळवले, असे पंजाबचे सूफी का विचारत, हे मग मुलांना आपोआप समजले. मागच्या बाकावरचा एक मुलगा, जो एरवी खिडकीबाहेर बघत असतो, म्हणाला, "सर, म्हणजे ते गाणं तौहीदचं आहे?" होय बेटा, तौहीदचेच. त्याने ते गाणे शंभर वेळा ऐकले होते. त्या दिवशी ते पहिल्यांदा कळले.

हे काम घरी करायला शिक्षकच हवा असे नाही. आजी, आजोबा, मशिदीतले इमामसाहेब, शेजारचे उर्दू शाळेतले निवृत्त मास्तर, कोणीही चालेल. मुलाने ऐकलेल्या गाण्यातले आठवड्याला पाच शब्द विचारायचे, वहीत उर्दू आणि देवनागरी दोन्ही लिपींत लिहायचे आणि मराठीत अर्थ मांडायचा. वर्षात अडीचशे शब्द होतात. भाषा याहून गोड वाटेने परत येणार नाही.

आणि आपला स्टुडिओ?

भारतात ही मालिका २०११ मध्ये आली. २०१२ पासून वेगवेगळ्या संगीतकारांच्या हाती सूत्रे देण्यात आली. २०१३ मध्ये ए. आर. रहमान यांनी जॉर्डनची गायिका फराह सिराज आणि नेपाळच्या बौद्ध भिक्षुणी आनी चोयिंग यांना एकाच गाण्यात आणले. २०२२ मध्ये बांगलादेशाने आपली वेगळी मालिका सुरू केली आणि तिच्या पहिल्याच गाण्यात हाजोंग या छोट्या आदिवासी समाजाच्या भाषेला जागा दिली.

हे सगळे पाहताना मला आपला महाराष्ट्र आठवतो. मिरजेत शिकलगार मंडळींनी एके काळी हत्यारांना धार लावण्याचे काम सोडून सतार-तंबोरे घडवायला घेतले. मोठमोठ्या गवयांच्या मागे वाजणारे तंबोरे याच मुसलमान कारागिरांच्या हातचे. मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला आता भौगोलिक मानांकनही मिळाले आहे. त्याच गावी ख्वाजा शमना मीरा यांच्या दर्ग्यात उस्ताद अब्दुल करीम खाँ यांच्या स्मरणार्थ दरवर्षी गायन-वादन होते. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी मराठीत 'योगसंग्राम' लिहिला. बार्शीच्या अमर शेखांच्या डफाने संयुक्त महाराष्ट्राच्या सभा गाजवल्या. आपल्याकडे काही नाही असे कोण म्हणेल?

आणि जे सर्वांत जवळ आहे ते तर आपण विसरूनच गेलो. दख्खनच्या सूफींनी बायकांसाठी 'चक्कीनामे' रचले होते, दळता दळता म्हणायचे. त्यात जात्याच्या खुंट्याला अलिफची उपमा दिलेली आढळते. म्हणजे बुल्लेशाहचा जो अलिफ आज कोक स्टुडिओतून आपल्या मुलांपर्यंत येतो आहे, तोच अलिफ आपल्या मुलुखातल्या बायकांच्या हातात होता. रोज पहाटे. गिटार नव्हती, जात्याची घरघर होती. त्याच घरांत लग्नाच्या हळदीला 'ढोलक के गीत' होत, कोकणात मांडवाची गाणी होत, बाळाला झोपवताना लोरी होई, आणि बारा रबीउल अव्वलला मुली मिलाद पढत. यातले किती आज कोणाला पाठ आहे?

माझ्या वर्गातल्या मुलांना मी विचारले, तुमच्या नानी-दादीला जुने गाणे येते का? चाळीसपैकी सहा हात वर आले. पुढच्या सोमवारी त्यातल्या एका मुलीने मोबाईलवर दादीचा आवाज आणला. दखनीतले लग्नाचे गाणे, मध्ये मध्ये खोकला, मागे कुकरची शिट्टी. मुले आधी हसली, मग गप्प झाली. दोन कडव्यांनंतर दादी म्हणते, "आगे का याद नईं रे बेटा." पुढचे आता कोणालाच येत नाही. दादीची बहीण तेवढी होती, ती गेल्या वर्षी वारली.

रोहेल हयातांनी मोठा हॉल घेतला, कॅमेरे लावले, कंपनीचा पैसा आणला. आपल्या हाती मोबाईल आहे आणि घरी म्हातारी माणसे आहेत. एवढ्यावर काम सुरू होऊ शकते. या सुट्टीत मुलांना हे काम सांगा. नानी, दादी, खाला, फुफी जिला जे येते ते रेकॉर्ड करून घ्यायचे. गाणे असेल, नात असेल, लोरी असेल, जात्यावरची ओवी असेल, काहीही चालेल. नाव, गाव, वय आणि हे कोणाकडून शिकलात ते आधी विचारायचे. मग बोल वहीत उतरवायचे आणि न कळलेल्या शब्दांचे अर्थ त्यांच्याकडूनच घ्यायचे. ज्यांना आपला आवाज बाहेर जाऊ नये असे वाटते, त्यांचा आवाज घरातच ठेवावा, परवानगीशिवाय कोणाला पाठवू नये. फक्त बोल लिहून ठेवले तरी पुष्कळ झाले.

ज्या वाचकांकडे अशी वही तयार होईल, त्यांनी तिच्यातले एखादे पान, गाणाऱ्या बुजुर्गांची इजाजत घेऊन, या सदराच्या नावे मासिकाच्या पत्त्यावर जरूर पाठवावे. इन्शाअल्लाह, पुढच्या एखाद्या अंकात आपण ती एकत्र वाचू.